साखळीतला दुसरा

या अंकाच्या संपादकांनी मला फोनवर विचारलं, "तुमच्या नावावर एकूण पकडी किती?" मी खरं ते सांगितलं, की एक. चौदा वर्षं कारखान्याच्या संघातून पगारी कबड्डी खेळलेला माणूस, आणि नावावर पकड एक? म्हाताऱ्याला कमी ऐकू येत असेल असं वाटून त्यांनी तोच प्रश्न मोठ्याने विचारला. मीही तेच उत्तर मोठ्याने दिलं. मग ते म्हणाले, लिहा बुवा, हेच लिहा. म्हणून लिहायला बसलो आहे. त्या एका पकडीचा मला अभिमान नाही, हे आधीच सांगून ठेवतो. अभिमान आहे तो बाकीच्या सगळ्या काळाचा, ज्यात माझं नाव कुणी घेतलं नाही.

माझं गाव हिवरखेड. घरी काळीची शेती, दोन भाऊ, आणि मी अंगाने सगळ्यांत थोराड. घरची मंडळी मला कोठी म्हणत, धान्याची असते ती. पुढे संघातही तेच नाव पडलं. गावच्या सामन्यांत मी खेळायचो, पण वाईट. एका वर्षी अकोल्याच्या एका जिनिंग-प्रेसिंग फॅक्टरीचे मॅनेजर आपल्या संघासाठी गडी शोधत आमच्याकडे आले होते. सोबत काणे मास्तर. मास्तर अमरावतीला राजापेठेत राहत, शाळेत संस्कृत शिकवत आणि दर रविवारी पॅसेंजरने अकोल्याला येऊन या संघाला कबड्डी शिकवत. शिडशिडीत माणूस, धोतर, काळी टोपी. सामना संपल्यावर ते माझ्यापाशी आले आणि काही न बोलता त्यांनी मला छातीवर एक धक्का दिला. मी हललो नाही. मग दोन्ही हातांनी दिला. त्यांची टोपी पडली, मी होतो तिथेच. त्यांनी टोपी झटकून डोक्यावर ठेवली आणि मॅनेजरांना म्हणाले, हा घ्या. माझा खेळ कसा होता याबद्दल ते एक शब्द बोलले नाहीत. बाजारात बैल पाहावा तसं त्यांनी मला पाहिलं, असं मला तेव्हा वाटलं आणि थोडा रागही आला.

अकोल्याला पहिल्याच दिवशी मला कापसाच्या काट्यावर बसवलं. सव्वादोन मण भरलो. काट्यावरचे दिवाणजी म्हणाले, माल बरा आहे, ओल नाही. निवृत्त झालो तेव्हा त्याच काट्यावर किलोत वजन केलं. मधल्या काळात मण-शेर गेले, आमचं वऱ्हाड मध्यप्रदेशातून मुंबई राज्यात आणि तिथून महाराष्ट्रात गेलं. मी मात्र सगळा काळ मैदानावर एकाच जागी उभा होतो.

ती जागा कोणती ते सांगण्याआधी नोकरीचं सांगतो. जिनिंगचं काम हंगामी. दिवाळीनंतर कापसाच्या गाड्या लागायच्या, सरकी निघायची, रुईच्या गाठी बांधल्या जायच्या, आणि उन्हं तापली की फॅक्टरी बंद. मग हंगामी कामगारांनी आपापल्या गावी जायचं. आम्ही खेळाडू मात्र बारमाही. गाठी उचलायच्या, संध्याकाळी सराव करायचा, सामन्यांना जायचं, आणि फॅक्टरी बंद असली तरी पगार चालू. खेळता येईल तोवर बारमाही, असा न लिहिलेला करार होता. ज्याचं अंग गेलं त्याचं नाव हंगाम संपताना निघणाऱ्या यादीत यायचं. ती यादी गेटवर लागायची. मी दोघातिघांना ती वाचून मुकाट्याने ट्रंक उचलताना पाहिलं होतं.

आता खेळ. ज्यांनी कबड्डी नुसती लांबून पाहिली आहे त्यांना एवढंच आठवतं, की एक जण कबड्डी-कबड्डी करत येतो, कुणाला तरी शिवून पळतो किंवा पकडला जातो. तो शिवून गेला की शिवलेला गडी बाद होऊन बाहेर बसतो. आम्ही त्याला पकडून त्याचा दम तोडला की तो बाद, आणि आमचा एक बसलेला गडी उठून परत आत येतो. आम्ही सात जण एकमेकांचे हात धरून उभे असतो, ती साखळी. साखळीच्या टोकाला कोपऱ्यातला गडी. त्याचं काम चढाईवाल्याचा घोटा धरण्याचं. घोटा धरला की लोक ओरडतात, भोंग्यावर नाव येतं, दुसऱ्या दिवशी पेपरात येतं. या कोपऱ्याचा हात धरून त्याच्या शेजारी जो उभा असतो तो साखळीतला दुसरा. तो मी.

दुसऱ्याने काय करायचं? कोपऱ्याने घोटा धरल्याबरोबर चढाईवाला आणि मध्यरेषा यांच्या मधे जाऊन उभं राहायचं. बस, एवढंच. त्याचा घरी जायचा रस्ता आपल्या छातीने बंद करायचा. तो जिवाच्या आकांताने येतो आणि सगळा माझ्या अंगावर पडतो. गुडघे मांडीत, कोपर नाकावर, डोकं बरगडीत. मी त्याला धरत नाही, पाडत नाही, नुसता असतो. मी समोर असलो की तो माझ्या अंगावर पडतो. मी नसलो तर तो जमिनीवर पसरलेल्या कोपऱ्याच्या अंगावर पडतो, आणि मग कोपऱ्याचं काय होईल ते सांगता येत नाही. माझ्या नाकाचं हाड दोनदा मोडलं आहे, डाव्या हाताचं एक बोट अजून वाकडं आहे. पण त्या एका दिवसाखेरीज माझ्या शेजारी उभ्या असलेल्या माणसाला कधी खरचटण्यापलीकडे इजा झाली नाही.

आणखी एक काम दुसऱ्याकडे असतं, ते प्रेक्षकांना कधीच दिसत नाही. कोपरा फक्त पाय बघतो. मान वर केली की घोटा सुटला. दुसरा छाती बघतो. पाय खोटं बोलतात, छाती बोलत नाही, असं मास्तर म्हणायचे. चढाईवाल्याचं वजन खरोखर पुढे आलं की नाही हे मी बघायचं आणि धरलेल्या हातातून कोपऱ्याला कळवायचं. पंजा एकदा दाबला की थांब. दोनदा दाबला की जा. दोनदा दाबलं याचा अर्थ एवढाच नव्हता, की आता घोटा धर. त्याचा अर्थ असा होता, की तू घोटा धर, रस्त्यावर मी आहे.

माझा कोपरा होता नामदेव. आम्ही नामा म्हणायचो. परतवाड्याचा. त्याचे वडील लाकडाच्या वखारीत काम करत, ते तो लहान असतानाच गेले. घरी आई आणि दोन बहिणी. शेत नाही, स्वतःचं घर नाही. नामाच्या बारमाहीवर ते घर उभं होतं. अंगाने तो माझ्या निम्मा, आणि बोलायचा फार कमी. त्याची घोट्यावरची झडप मी इतक्या जवळून पाहिली आहे की तिच्याबद्दल लिहू लागलो तर अंक पुरायचा नाही.

आम्ही दोघं नवे असताना मास्तरांनी त्याचं डावं आणि माझं उजवं मनगट सुतळीने बांधलं आणि सांगितलं, रविवारपर्यंत सोडायची नाही. आठ दिवस आम्ही तशाच गाठी उचलल्या, तसेच झोपलो. बाकीच्या अडचणींबद्दल लिहीत नाही. जेवताना नामाचा उजवा हात मोकळा, म्हणून तो सुखाने जेवायचा. माझा उजवा बांधलेला, म्हणून मी डाव्या हाताने. खानावळवाल्या मावशी पहिल्याच दिवशी माझ्यासमोरचं ताट उचलून घेऊन गेल्या. "डाव्या हातानं जेवतं? माणूस हाये का जनावर?" मी सुतळी दाखवली, मास्तरांचं नाव सांगितलं. मास्तर ब्राह्मण आणि त्यातून संस्कृत शिकवणारे, म्हणून मावशींना वाटलं काही तरी व्रत असेल. दुसऱ्या दिवसापासून त्या मला घास भरवू लागल्या. संघातल्या लोकांनी पुढे वर्षभर माझं जगणं नकोसं केलं. पण रविवारी सुतळी सोडली तेव्हा नामाचा हात कधी घट्ट होतो, कधी सैल, तो घाबरला की बोटं कशी होतात, हे मला पाठ झालं होतं. त्यालाही माझं.

धंद्यातल्या गमती पुष्कळ. एकच सांगतो. खामगावकडे एक चढाईवाला होता, तो सामन्याआधी अंगाला शेंगदाण्याचं तेल लावायचा. हे नियमात बसत नाही. पंच पाठीवरून हात फिरवायचे, म्हणून हा पाठ कोरडी ठेवून पोट आणि मांड्या चोपडायचा. त्याला कुणी धरू शकत नसे. माशासारखा सुटायचा आणि वर हसायचा. आमच्याशी सामना पडला तेव्हा नामाचाही हात घोट्यावरून घसरला. पण तो पळायला वळला तर पुढे मी. डावीकडून गेला, पुढे मी. उजवीकडून गेला, पुढे मीच. तेलाचा उपयोग धरणाऱ्याविरुद्ध, उभ्या राहिलेल्याविरुद्ध काय? शेवटी त्याचा दम माझ्या छातीशीच तुटला. माझी बनियन तेलाने पिवळी झाली होती ती मी पंचांना नेऊन दाखवली. गुण मात्र नामाच्या नावावर लागला, कारण हात पहिल्यांदा त्याने घातला होता. मला त्याचं काही वाटलं नाही. निदान तेव्हा तरी नाही.

वाटलं ते पुढच्या वर्षी. अमरावतीला राजापेठेजवळच्या मैदानावर मोठे सामने होते. आम्ही उपांत्य फेरीत पोचलो होतो, आणि हिवरखेडहून माझे वडील सामना पाहायला आले. ते पहिल्यांदाच येत होते. सोबत गावचे दोन म्हातारे. या दोघांना त्यांनी स्वतःहून आणलं होतं, आमचा मुलगा खेळतो ते दाखवायला. आम्ही सामना जिंकला. नामाच्या चार पकडी झाल्या. लोकांनी त्याला खांद्यावर घेतलं. मी घाम पुसत बाबांकडे गेलो. ते दोन म्हातारे दुसरीकडे पाहत होते. बाबांनी मला थोडं बाजूला नेलं आणि हळू आवाजात विचारलं, "तू तिथी नुसता उभा काहून रायतं? तुले खेळू नाई देत काय?"

त्यांच्या बोलण्यात टोमणा नव्हता. त्यांना खरोखर काळजी वाटत होती. टोमणा असता तर मी हसून सोडून दिला असता. मी काहीतरी पुटपुटलो. सात वर्षांत मला आपलं काम कुणाला समजावून सांगायची गरज पडली नव्हती, आणि आता बापाला सांगायची वेळ आली तर शब्द सापडेना.

दुसऱ्या दिवशी दुपारी अंतिम सामना. समोर नागपूरकडचा संघ, त्यांचा मुख्य चढाईवाला माझ्याइतकाच भारी. बाबा चुन्याच्या रेषेपासून दहा हातांवर बसले होते. सामना मध्यावर आला असेल. तो चढाईला आला, कोपऱ्याकडे सरकला, पाय टाकला. मी त्याची छाती पाहिली. वजन पुढे आलं होतं. मी नामाचा पंजा दोनदा दाबला. नामाने मान खाली घालून घोट्यावर झडप घातली. माझ्यावर भरवसा ठेवून घातली. आणि मी रस्त्यावर गेलो नाही. मी बाजूने घुसलो, त्या माणसाच्या कमरेला मिठी मारली आणि त्याला जमिनीपासून उचलला.

लोक उठून उभे राहिले. इतका भारी गडी असा उचललेला त्यांनी पाहिला नव्हता. मी त्याला वर धरला आणि खाली आदळला. तो जिथे पडला तिथे नामाचा गुडघा होता. आवाज मी ऐकला. भोंग्यावरून माझं नाव पुकारलं गेलं, आडनावासकट, दोनदा. बाबा उभे राहून डोक्यावर हात नेऊन टाळ्या वाजवत होते.

सामना आम्ही जिंकलो. पेपरात दुसऱ्या दिवशी माझं नाव आलं. आईने ते कात्रण हिवरखेडच्या घरी देव्हाऱ्यात ठेवलं, आणि ते तिथून काढ असं मी तिला कधी सांगू शकलो नाही.

नामाला दवाखान्यात ठेवलं होतं. डॉक्टर म्हणाले, चालेल, पण पाय दुमडणार नाही. मास्तर आणि मी त्याच्या खाटेपाशी उभे होतो. मास्तरांनी विचारलं, नेमकं झालं काय? मैदानावर ते विरुद्ध बाजूला होते, पण एवढ्या वर्षांच्या डोळ्याला जे दिसायचं ते दिसलं असणार. मी तोंड उघडायच्या आत नामा म्हणाला, "यानं रस्ता धरला होता मास्तर. माहाच पाय फसला."

मास्तरांनी माझ्याकडे पाहिलं. मी खाली पाहिलं. त्या क्षणी बोलायला हवं होतं, मी बोललो नाही. याची लाज मला आजही वाटते, गुडघ्यापेक्षाही जास्त. गुडघा एका क्षणाच्या हावेने गेला. गप्प मात्र मी पुरता दीड महिना बसलो. नामा काठी टेकत फॅक्टरीत यायचा, सुतळीचे गुंडे करत बसायचा, माझ्याशी नेहमीसारखं थोडंच बोलायचा. फॅक्टरीत मला लोक थांबवून त्या पकडीबद्दल विचारायचे, आणि मी सांगायचोसुद्धा.

होळी आली, हंगाम संपत आला. मॅनेजरसाहेबांनी मला बोलावलं. वकिली घराण्यातला मनुष्य, स्वच्छ बोलायचा, कुणाचा अपमान करायचा नाही. म्हणाले, पुढच्या वर्षी कोपऱ्यात तू उभा राहा, लोकांना आता तुझं नाव माहीत झालं आहे. टेबलावर गेटवर लागायची ती हंगामाअखेरची यादी होती. मला उलटं वाचता येत होतं. नामाचं नाव वरून तिसरं होतं.

मी म्हणालो, साहेब, मी कोपऱ्यातला गडी नाही. आणि मग एका दमात सगळं सांगितलं. दोनदा दाबणं, त्याचा अर्थ, मी कुठे जायला हवं होतं आणि कुठे गेलो. त्यांना दाबण्याची गोष्ट ठाऊकच नव्हती. इतकी वर्षं संघ चालवणाऱ्या माणसाला आमच्या हातांत काय चालतं याचा पत्ता नव्हता. त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग म्हणाले, "हे आणखी कुणाला माहीत आहे?"

"नामाले. अन् मास्तरले, थे बोलले नाई तरी."

"तो तर म्हणतो, पाय घसरला. मग तू कशाला सांगतोस?"

"त्याचं नाव यादीत हाये म्हून."

"त्याच्या जागी तुझं घालू?"

"घाला साहेब. माहं शेत हाये. त्याचं काईच नाई."

हे मी बोललो खरं. मला शेतावर परत जायचं नव्हतं. ती नोकरी मला प्रिय होती, आणि हिवरखेडला कोणत्या तोंडाने जाणार होतो? साहेबांनी विचारलं, मग कोपरा कोण सांभाळणार? मी म्हणालो, नामा नवा गडी तयार करेल, शिकवायला गुडघा लागत नाही, बसून शिकवता येतं. त्यांनी मला जायला सांगितलं.

तिसऱ्या दिवशी गेटवर यादी लागली. वरून तिसऱ्या नावावर रेघ होती आणि बाजूला साहेबांच्या अक्षरात लिहिलं होतं, काट्यावर, एक वर्ष. माझं नाव यादीत नव्हतं. साहेबांनी नामाला बोलावून स्पष्ट सांगितलं, की नवा कोपरा तयार झाला तर पुढचं बघू, नाही तर पुढच्या होळीला ही मेहेरबानी संपली. नामा काठी टेकत तडक माझ्याकडे आला. त्याला इतका रागावलेला मी कधी पाहिला नव्हता. "काहून सांगतलं तू? म्या सांभाळून घेतलं होतं ना."

मी म्हणालो, "सांभाळाचं काम माहं हाये. तुहं नाई."

तो बाकड्यावर बसला. काठी बाजूला ठेवली. मग त्याने विचारलं, नवा गडी कोण पाहायचा?

सुटीत घरी गेलो तेव्हा बाबांनाही सांगितलं. तेव्हा मात्र शब्द सापडले. खळ्यात बसलो होतो. साखळी कशी असते, दुसऱ्याने कुठे जायचं असतं, ते मी मातीत खडे मांडून दाखवलं. नामाचा खडा, माझा खडा, त्या नागपूरवाल्याचा खडा. माझा खडा मी कुठे नेला तेही दाखवलं. बाबा खड्यांकडे पाहत राहिले. मग म्हणाले, "मंग म्या टाळ्या कायले वाजवल्या?" आणि उठून बैलांना पाणी पाजायला गेले.

नवा गडी मिळाला तो दिगंबर, फॅक्टरीतच सरकीच्या पोत्यांवर काम करणारा, हाताचा चपळ पण उतावळा. नामाने पहिल्या दिवशी काय केलं असेल? सुतळी आणली आणि त्याचा डावा माझ्या उजव्याला बांधला. मावशींनी कपाळावर हात मारला. नामा खुर्चीवर पाय लांब करून बसायचा, काठीने दिगंबरच्या पायाला टोचायचा, आणि ओरडायचासुद्धा. न बोलणारा माणूस वर्षभर बोलला. दिगंबर दाबण्याआधीच सुटायचा. नामा त्याला म्हणायचा, तुझे डोळे तुझ्यापाशी नाहीत, त्याच्या हातात आहेत, हे समजलं की तू कोपरा झालास. दिवाळीपर्यंत समजलं नाही. संक्रांतीच्या सुमाराला समजलं.

पुन्हा अमरावती, पुन्हा तेच मैदान, पुन्हा तोच नागपूरकडचा संघ. नामा रेषेबाहेर खुर्चीवर. मॅनेजरसाहेब मंडपात. बाबा आले होते, आणि त्याच दोन म्हाताऱ्यांना पुन्हा घेऊन आले होते. मी इतका घाबरलो होतो की दिगंबरला माझ्या हाताचा घाम लागत होता. तो भारी गडी आला. पाय टाकला. मी थांबलो. एकदा दाबलं. त्याने दुसऱ्यांदा पाय टाकला, खोटा. पुन्हा एकदा दाबलं. दिगंबरची बोटं सुटायला ओढत होती, पण तो सुटला नाही. तिसऱ्यांदा छाती पुढे आली. दोनदा दाबलं, हात सोडला आणि मी माझ्या जागेवर गेलो.

त्याचं कोपर नाकावर बसलं. डोळ्यांपुढे काळोख झाला, तोंडात रक्त आलं, पण पाय जागचे हलले नाहीत. तो माझ्या अंगावर पडत होता आणि खाली दिगंबरने घोटा धरून ठेवला होता. दम तुटला. भोंग्यावरून दिगंबरचं नाव पुकारलं गेलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी नाकाला हात लावून रेषेकडे पाहिलं. बाबा टाळ्या वाजवत नव्हते. शेजारच्या म्हाताऱ्याचा दंड धरून त्याला बोटाने दाखवत होते. ते काय म्हणाले ते त्या म्हाताऱ्याने मला पुढे गावात सांगितलं. ते म्हणाले, "पाय धरला त्याच्याकडं पाहू नको. थो रस्ता बंद करून उभा हाये ना, थो माहा."

सामना आम्ही हरलो, दोन गुणांनी. आमचे चढाईवाले त्या दिवशी काही चालले नाहीत. पण दिगंबरच्या तीन पकडी झाल्या होत्या. मंडपातून उतरताना मॅनेजरसाहेब नामाच्या खुर्चीपाशी थांबले आणि म्हणाले, काटा तुझ्याकडेच राहू दे. त्या वेळी त्यांनी वर्ष वगैरे काही घातलं नाही. मास्तरांनी माझं नाक पाहिलं आणि आपलं उपरणं दिलं, रक्त पुसायला. त्यांनी मला शाबासकी कधीच दिली नाही. ते उपरणं मात्र परत मागितलं नाही.

नामा त्या काट्यावर निवृत्तीपर्यंत राहिला. दोन्ही बहिणींची लग्नं त्याने केली. दिगंबरला तीन वर्षांनी मुंबईच्या एका मोठ्या संघाने नेलं, त्यानंतर नामाने आणखी दोन कोपरे तयार केले. तिघांचेही हात मी धरले. तिघंही आज धडधाकट चालतात, जिने चढतात, पाटावर मांडी घालून जेवतात. कुणी माझ्या कारकिर्दीचा हिशेब मागितला तर मी एवढंच सांगतो.

मागच्या हिवाळ्यात परतवाड्याला सामने होते. नामा आता तिथेच असतो. आम्ही दोघं शेजारी सतरंजीवर बसलो, तो पाय लांब करून. आता मुलं चांगलं खेळतात. कोपरे उत्तम आहेत. नामा पाय पाहत होता, मी छात्या. एकदोनदा मी सवयीने त्याचा हात दाबला, आणि दर वेळी पुढच्या क्षणी चढाईवाला पकडला गेला, तेव्हा तो गालात हसला. सामना संपला, लोक उठून चालू लागले, कडेने गर्दी आमच्या अंगावर येऊ लागली. नामाला एकट्याने उठता येत नाही. त्याने माझ्याकडे पाहिलं नाही, नुसता हात पुढे केला, आणि माझा पंजा दोनदा दाबला. मी गर्दीकडे तोंड करून त्याच्या पुढे उभा राहिलो, आणि माझ्या हाताला धरून तो उठला.